वस्तीवरच्या कुत्र्याला दोरीची सवय लावा

आपल्या जिल्ह्यात कुत्र्याशिवाय वस्ती सापडणे कठीण. संगमनेर, अकोले, राहुरी, श्रीरामपूर, कुठेही जा. उसाच्या कडेला दोन-तीन खोल्या, शेजारी गोठा, आणि पायवाटेवर पाऊल टाकले की अंगावर धावून येणारा एक कुत्रा, हे ठरलेलेच. नाव मोत्या असेल, वाघ्या असेल, नाही तर टायगर. आता एक साधा प्रश्न विचारतो. या मोत्याच्या गळ्यात पट्टा घालून, दोरी हातात धरून, त्याला गावातल्या गुरांच्या दवाखान्यापर्यंत तुम्ही चालवत नेऊ शकाल का?

बहुतेकांचे उत्तर मला ठाऊक आहे. "छे हो, तो कसला येतोय!" दोरी लावली की मोत्या चारी पाय रोवतो, मागे सरकून पट्ट्यातून मान काढून घेतो, लोळण घेतो, आणि फारच झाले तर धरणाऱ्याचाच हात फोडतो. मग दोघातिघांनी मिळून त्याला पोत्यात घालायचे, मोटारसायकलवर मधे दाबून बसवायचे, आणि एवढी कसरत करून दवाखान्यात पोचावे तर तिथे तो डॉक्टरांना जवळ फिरकू देत नाही. एकदा हा तमाशा झाला की पुढच्या वर्षी घरात लशीचे कोणी नाव काढत नाही. राहते ती राहतेच.

म्हणून मी म्हणतो, वस्तीवरच्या कुत्र्याला दोरीवर शांतपणे चालायला शिकवा. शहरात बंगल्यासमोर साहेबलोक संध्याकाळी कुत्रा फिरवतात, ते पाहून आपल्याला हसू येते. हसा खुशाल. पण त्यांचा कुत्रा दवाखान्यात जातो आणि आपला जात नाही, याचे एक मोठे कारण त्या सहा फूट दोरीत आहे.

लशीचे एवढे काय घेऊन बसलात, असे कोणी विचारील. रेबीज, म्हणजे आपण ज्याला कुत्रा पिसाळणे म्हणतो तो रोग, माणसात एकदा लक्षणांवर आला की रोगी जवळजवळ कधीच वाचत नाही. पाण्याची भीती वाटू लागल्यावर जगातला कितीही मोठा दवाखाना गाठला तरी उपयोग नसतो. आणि आपल्या देशात हा रोग माणसाला होतो तो बहुतेक वेळा कुत्र्याच्या चाव्यातूनच. लुई पाश्चर यांनी ६ जुलै १८८५ रोजी जोसेफ माइस्टर या नऊ वर्षांच्या मुलाला पहिल्यांदा यावरची लस टोचली आणि तो पोरगा वाचला. त्या गोष्टीला एकशे चाळीस वर्षे होऊन गेली. लस जुनी आहे, खात्रीची आहे, कुत्र्यालाही आहे आणि माणसालाही आहे. अडते ते ती टोचून घेण्यापाशी.

गुरांचे बघा. लाळ्या-खुरकुताची लस येते, तेव्हा गाय दाव्याला उभी असते. २०२२ साली लम्पीची साथ आली तेव्हाही गोठ्यागोठ्यात जाऊन लस टोचता आली, कारण जनावर जागेवर होते, त्याला माणसाच्या हाताची सवय होती. कुत्र्याला दावे नाही. डॉक्टरांची गाडी फाट्यावर थांबली की तो उसात शिरतो, गाडी गेल्यावर तासाभराने बाहेर येतो आणि ओसरीत येऊन बसतो, जणू काही झालेच नाही.

आणि नुकसान फक्त माणसाचेच होते असे नाही. पिसाळलेला कुत्रा गायीला चावला तर गायीलाही तोच रोग होतो. ती खाणे-पिणे सोडते, तोंडातून लाळ गळते, घोगऱ्या आवाजात हंबरते. मालकाला वाटते घशात काही अडकले; तो कोपरापर्यंत हात आत घालून पाहतो. हाताला कुठे खरचटलेले असेल तर तोही धोक्यात आला. दुभती गाय गेली ती गेलीच, वर घरातल्या माणसांना इंजेक्शने. असे जनावर दिसले तर तोंडात हात घालू नका, आधी डॉक्टरांना बोलवा.

आता दोरी म्हणजे काय, याविषयी थोडा घोळ आहे तो आधी काढू. दोरी शिकवा म्हटले की काही मंडळी उत्साहाने कुत्रा खुंट्याला साखळीने जखडून टाकतात आणि सकाळची भाकरी लांबून फेकतात. याला शिकवणे म्हणत नाहीत. दिवसभर बांधलेला कुत्रा चिडका होतो, आणि साखळी तुटली त्या दिवशी समोर येईल त्याला फोडतो. कायदाही याला मोकळीक देत नाही. प्राणी क्लेश प्रतिबंधक कायदा, १९६० याच्या कलम ११ मध्ये अवाजवी आखूड किंवा जड साखळीने अवाजवी वेळ जनावर बांधून ठेवणे हा गुन्हा मानला आहे. एवढेच नाही, नेहमी बांधून ठेवलेल्या कुत्र्याला मालकाने पुरेसा हिंडवला नाही तर तोही गुन्हा धरला आहे. फिरवण्याची दोरी आणि जखडण्याची साखळी या दोन वेगळ्या वस्तू आहेत.

मग शिकवायचे कसे? यात पुस्तकी असे काही नाही. ज्याने खोंड औताला लावला आहे, त्याला अर्धी विद्या आधीच येते. नवा खोंड आपण पहिल्याच दिवशी नांगराला जुंपत नाही. आधी त्याच्या मानेला जुवाची सवय करतो, शहाण्या बैलाच्या जोडीला लावतो, सकाळच्या गारव्यात थोडा वेळ हलका ओंडका ओढायला देतो आणि चांगला चालला की पाठीवर थाप मारून सोडतो. जो चाबकाने सुरुवात करतो त्याचा बैल आयुष्यभर बुजरा राहतो. कुत्र्याचेही तेच आहे. फरक एवढाच की कुत्र्याला वेसण नसते, म्हणून त्याचे मन राखूनच काम करावे लागते.

पट्टा रुंद कापडी किंवा चामड्याचा घ्या. पट्ट्याखाली आपली दोन बोटे सहज जावीत, फार सैलही नको. वाढत्या पिलाचा पट्टा दर आठवड्याला तपासा. पट्टा मानेत रुतलेली कुत्री आपण सगळ्यांनी पाहिली आहेत. कारवानी जातीच्या कुत्र्याचे डोके मानेपेक्षा अरुंद असते, तो मागे सरकला की पट्टा निघतो, त्याला छातीवरून जाणारा पट्टा बरा. दोरी पाच-सहा फूट लांब, करंगळीएवढी जाड, सुती. बैलाचा जुना कासरा असेल तर त्यातलाच तुकडा चालतो. नायलॉनची दोरी हात कापते. आणि एक लक्षात ठेवा, गळ्याला सरकगाठ कधीही नको. ओढ बसली की फास आवळतो.

पहिले दोन-तीन दिवस नुसता पट्टा. तो घालायचा आणि लगेच भाकरी द्यायची. कुत्रा मान खाजवील, घासेल. लक्ष देऊ नका. मग पट्ट्याला हलकी दोरी बांधून अंगणात आपल्या डोळ्यांसमोर तशीच फरफटू द्या. तिचा धाक गेला की टोक हातात घ्या, पण ओढायचे नाही. पहिल्या दिवशी तो जाईल तिकडे आपण जायचे. पोरे हसतील, हसू द्या.

खरे शिक्षण त्यानंतर. भाकरीचे कुसकरलेले तुकडे खिशात ठेवा, थोडे दूध लावलेले असले तर उत्तम; अंडे किंवा सुकट असेल तर कुत्रा जीव टाकील. कांदा घातलेले कालवण मात्र देऊ नका, कांदा कुत्र्याला बाधतो. वेळ जेवणाआधीची धरा, पोट भरलेला कुत्रा ऐकत नाही. दोरी हातात घेऊन "चल" म्हणा आणि चार पावले टाका. तो तुमच्या पायाशी चालला, दोरी सैल राहिली, की तुकडा द्या. तुकडा द्यायचा तो गुडघ्याजवळ, पुढे हात करून नव्हे. पुढे दिला तर तो पुढेच धावायला शिकतो.

दोरी ताणली की थांबायचे. सगळी विद्या या एका गोष्टीत आहे. ओरडू नका, हिसका देऊ नका, मागे ओढू नका. बांधावरच्या बाभळीसारखे उभे राहा. कुत्रा ओढील, कण्हेल, जमीन उकरील. शेवटी वळून तुमच्याकडे पाहील आणि दोरी सैल पडेल. त्या क्षणी "चल" म्हणून पुढे निघा. पहिल्या दिवशी दारापासून गोठ्यापर्यंत जायला पंधरा मिनिटे लागतील. लागू द्या. त्याला एवढेच समजायला हवे की ओढले की वाट बंद होते आणि सैल सोडले की वाट उघडते.

यात घात कोण करतो? घरातलेच कोणी तरी. बाप आठ दिवस थांबून थांबून शिकवतो, आणि नवव्या दिवशी धाकटा पोरगा दोरी धरून कुत्र्यामागे बांधावरून पळत सुटतो. कुत्र्याने एकदा ओढून हवे ते मिळवले की तो ते विसरत नाही. म्हणून घरात सगळ्यांचा नियम एकच पाहिजे. नवशिक्या कुत्र्याची दोरी लहान मुलांच्या हातात देऊ नये, हे वेगळे सांगायला नको.

हिसका देण्याची आपल्याकडे फार सवय. समोरून शेळ्या आल्या, कुत्रा झेपावला, की आपण मानेला जोरात झटका देतो. गळ्याची नळी दाबते, तो खोकतो. आणि त्याच्या डोक्यात बसते ते असे की शेळी दिसली की मान दुखते. पुढच्या वेळी शेळी दिसताच तो दुप्पट भुंकतो. त्यापेक्षा शेळ्या लांब असतानाच थांबा. त्याने पाहिले पण झेप घेतली नाही, की तुकडा. रोज थोडे अंतर कमी करा. कोंबड्या, दुधाची गाडी, फटफटी, शाळेत जाणारी पोरे, सगळ्यांना हाच उपाय.

दिवसातून दोनदा दहा-दहा मिनिटे पुरे. उन्हाळ्यात सकाळी लवकर आणि दिवस कलल्यावर. डांबरी रस्ता तापला की पंजे भाजतात. पिलू दोन-तीन महिन्यांचे असताना घराच्या अंगणात सुरुवात केली तर फार सोपे जाते. मोठा कुत्राही शिकतो, त्याला आठवड्यांऐवजी महिना-दोन महिने द्यावे लागतात. आधी कोणाला फोडलेला कुत्रा असेल तर मात्र आपली आपण परीक्षा पाहू नये, डॉक्टरांशी बोलून मग काय ते करावे.

यावर ठरलेली हरकत अशी, "आमचा राखणीचा कुत्रा आहे. दोरीवर शिकवला तर मऊ पडेल, चोर आला तरी शेपूट हलवील." तसे होत नाही. दोरीवर चालणारा कुत्रा घराची राखण सोडत नाही. तो फक्त तुम्ही जवळ असताना तुमचे ऐकतो. मेंढपाळांची कुत्री बघा. धनगर बांधव दोरी न वापरता नुसत्या हाकेवर आणि शिट्टीवर कुत्रा वागवतात, आणि रात्री तोच कुत्रा वाड्याजवळ कोणाला येऊ देत नाही. शिस्त आणि राखण एकत्र नांदतात याला आणखी पुरावा कशाला? मात्र ती विद्या पिढ्यानपिढ्यांची आणि दिवसभर कळपामागे चालणाऱ्यांची आहे. आपला मोत्या दिवसभर ओसरीत झोपतो आणि फटफटीचा आवाज आला की उठून धावतो. फटफटीवरचा माणूस पडून त्याचा पाय मोडला तर "कुत्रंच हाये, त्याला काय कळतंय" म्हणून मालक सुटत नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम २९१ प्रमाणे, आपल्या ताब्यातल्या जनावराबाबत अशी हयगय केल्यास सहा महिन्यांपर्यंत कैद, पाच हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकते.

आपल्या भागात बिबट्याचाही विचार करायला हवा. विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अकोले परिसरात केलेला अभ्यास २०१६ साली छापून आला. त्यात बिबट्याच्या खाण्यात वजनाच्या हिशेबाने ३९ टक्के वाटा एकट्या कुत्र्यांचा निघाला. शेळ्यांचा ११ टक्के. म्हणजे रात्री अंगणात उघड्यावर बांधलेला कुत्रा हा बिबट्याला वाढून ठेवलेले ताट आहे, आणि त्याच्या मागाने तो दारापर्यंत येतो. तेव्हा दोरी दिवसाची. रात्री कुत्रा पत्र्याच्या किंवा जाळीच्या बंद खोपीत घ्या. दोरीची सवय असलेला कुत्रा अंधार पडायच्या आत खोपीत नेता येतो. नसलेला बोलावून बोलावून येत नाही, आणि त्याला शोधायला आपण बॅटरी घेऊन उसाच्या कडेने हिंडतो.

आता मला ज्यासाठी लिहावेसे वाटले ती गोष्ट. समजा आपला कुत्रा कोणाला चावला. जखम लगेच वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवायची. चुना, तिखट, हळद काही भरायचे नाही, मांत्रिकाकडे जायचे नाही, आणि त्याच दिवशी सरकारी दवाखाना गाठायचा. पोटात चौदा इंजेक्शने घ्यावी लागतात या भीतीने अजूनही कोणी कोणी घरी बसतात. मेंढीच्या मेंदूपासून तयार होणारी ती जुनी लस आपल्या देशात २००४ च्या अखेरीस बंद झाली. आता टोचतात ती दंडात. जखम खोल असेल तर जखमेतही एक औषध टोचतात, ते नाकारू नये. हे सगळे माणसाचे झाले. कुत्र्याचे काय?

कुत्र्यावर दहा दिवस नजर ठेवावी लागते. चावला त्या वेळी त्याच्या लाळेत रेबीजचा विषाणू असेल, तर या दहा दिवसांत तो आजारी पडतो आणि मरतो. दहा दिवसांनंतर कुत्रा ठणठणीत असेल, तर त्या चाव्यातून रेबीज झालेला नाही असे डॉक्टर सांगू शकतात आणि पुढच्या इंजेक्शनांचा निर्णय घेऊ शकतात. उपचार मात्र पहिल्याच दिवशी सुरू करायचे, दहा दिवस वाट पाहायची नाही. पण आपल्याकडे घडते ते असे की चावल्याबरोबर चार जण काठ्या घेऊन निघतात. कुत्रा मारतात, नाही तर तो पळून जातो आणि पुन्हा दिसत नाही. चावलेला माणूस घरी बसून रोज विचार करतो की तो कुत्रा कसला होता. घरातल्या बाईचा डोळ्याला डोळा लागत नाही. दोरीला सरावलेला कुत्रा असेल तर त्याला वेगळ्या बंद जागेत, पाणी-भाकरी देऊन, दहा दिवस ठेवता येते आणि रोज लांबून पाहता येते. ज्याच्या पोराला चावला त्या शेजाऱ्यालाही येऊन पाहता येते. गावात यावरून होणारी भांडणे मोजली तर या एका सोयीची किंमत कळेल.

२०२५ च्या ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयात दिल्लीच्या भटक्या कुत्र्यांचा विषय गाजला. ११ तारखेला सगळी कुत्री उचलून निवाऱ्यात ठेवण्याचा आदेश झाला, २२ तारखेला तो बदलून नसबंदी आणि लस करून कुत्री मूळ जागी सोडायची, पिसाळलेली आणि अंगावर धावणारी सोडून, असे ठरले. तेव्हा आपल्याकडे पारावर फार चर्चा झाली. पण पारावरच्या प्रत्येकाच्या घरी एक कुत्रा होता आणि त्याला धनी होता. प्राणी जन्म नियंत्रण नियम, २०२३ नुसार पाळलेल्या कुत्र्याची लस, जंताचे औषध आणि नसबंदी ही जबाबदारी धन्याची आहे. दिल्लीचे दिल्लीवाले बघतील.

सरकारकडे मात्र मागणे आहे. केंद्र सरकारने २०२१ साली आराखडा काढून २०३० पर्यंत कुत्र्यांपासून होणारा रेबीज देशातून घालवायचे ठरवले आहे. त्यासाठी गावातल्या दर दहा कुत्र्यांतल्या किमान सातांना लस हवी, असे जागतिक आरोग्य संघटना सांगते. शेजारच्या गोव्याने दारोदार फिरून कुत्र्यांना लस टोचली आणि २०२१ मध्ये राज्य रेबीज नियंत्रित क्षेत्र म्हणून जाहीर केले. आपला जिल्हा मोठा आहे, वस्त्या विखुरलेल्या आहेत, पशुधन विकास अधिकाऱ्यांच्या मागे शंभर कामे आहेत, हे मान्य. तरी महिन्यातला एक दिवस प्रत्येक गुरांच्या दवाखान्यात कुत्र्यांच्या लशीचा म्हणून ठरवावा, त्या दिवशी लस शिल्लक असावी, आणि ग्रामपंचायतीने आदल्या दिवशी भोंग्यावरून सांगावे. बाजाराचा दिवस धरू नये. गर्दीत कुत्री एकमेकांवर जातात. पाच मैल कुत्रा चालवत आणलेल्या माणसाला "लस संपली, पुढच्या आठवड्यात या" हे ऐकावे लागले तर तो पुन्हा येत नाही, आणि त्याला दोषही देता येत नाही.

आपल्या बाजूने तयारी अशी. लशीच्या आधी एक-दोनदा मोत्याला नुसताच दवाखान्याच्या फाटकापर्यंत न्या, तुकडा द्या, परत आणा. घरी रोज त्याचे कान, पंजे, तोंड हाताळा म्हणजे परक्या हाताला तो बिचकणार नाही. मऊ कापडाचे मुसके घालायची सवय करा, गुरांना मळणीत घालतो तसे. पहिली लस पिलू तीन महिन्यांचे झाले की, नंतर डॉक्टर सांगतील तशी आणि पुढे दर वर्षी. टोचताना डोके आपल्या काखेत धरून त्याच्याशी बोलत राहा. डॉक्टर कार्ड देतील ते जनावरांच्या विम्याच्या कागदांबरोबर ठेवा, आणि पुढची तारीख गोठ्याच्या भिंतीवर, गायीच्या रेतनाची तारीख लिहितो तिथेच, खडूने लिहून टाका.